देखणेपणाची मजुरी

देखण्या गावाचं चित्रीकरण करणं सोपं असतं, आणि अडचण नेमकी तीच असते. निळं पाणी, पाण्याला लागून वळत गेलेला रुंद रस्ता, कडेला पामची झाडं, मागे डोंगर, एवढं हाताशी असलं की कॅमेरा कुठेही रोवा, चित्र बरंच येणार. पण ते चित्र आपल्याआधी कुणीतरी काढून ठेवलेलं असतं : पोस्टकार्डावर, रेल्वे कंपनीच्या भित्तिपत्रकावर, हॉटेलच्या माहितीपत्रकात. कॅमेरा घेऊन आलेला नवा माणूसही नकळत त्याच जागी जाऊन उभा राहतो. सिनेमाच्या पहिल्या तीन दशकांत अशा गावांची ढिगानं रिळं निघाली आणि त्यांतली बहुतेक एका साच्यातून काढल्यासारखी आहेत. १९३० साली फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या नीस शहराबद्दल एक मूकपट आला, जेमतेम पंचवीस मिनिटांचा. नाव ‘आ प्रोपो द नीस’, म्हणजे ‘नीसविषयी’. करणारा जाँ व्हिगो तेव्हा पंचवीस वर्षांचा होता आणि हा त्याचा पहिलाच चित्रपट. यातही समुद्र आहे, पामची झाडं आहेत, फुलांची मिरवणूक आहे. पण हा साचा इथे मोडलेला दिसतो, आणि तो कसा मोडला हे पाहण्यासारखं आहे. माझं म्हणणं असं की देखणं गाव मूक अनुबोधपटाला खऱ्या अर्थानं दिसलं ते त्यानं तटस्थपणाचा आव टाकून दिल्यावर. गावाचं सौंदर्य ही निसर्गाची देणगी जेवढी, तेवढीच ती रोज पहाटे उठून कुणीतरी मजुरीवर केलेली वस्तू असते. नुसता कॅमेरा लावून ही गोष्ट दिसत नाही. त्यासाठी चित्रफितीला कात्री लावावी लागते, एका तुकड्याशेजारी दुसरा तुकडा ठेवावा लागतो आणि तसं करताना आपण कुणाच्या बाजूचे आहोत हे लपवता येत नाही.

आधीची रिळं टाकाऊ होती असं मात्र म्हणायचं नाही. ल्युमिएर बंधूंच्या यंत्रात एका वेळी साधारण १७ मीटर फीत मावायची, म्हणजे जेमतेम पन्नास सेकंदांचं दृश्य. एवढ्या वेळात बाजू मांडणं, युक्तिवाद करणं शक्यच नव्हतं; जागा निवडायची आणि हँडल फिरवायचं, बस. तरीही त्या पन्नास सेकंदांत कॅमेऱ्यानं बरंच काही शोधून काढलं. अलेक्झांद्र प्रोमियो या ल्युमिएरांच्या माणसानं १८९६ मध्ये व्हेनिसच्या मोठ्या कालव्यात कॅमेरा होडीत ठेवला, आणि घाट-महाल पडद्यावरून सरकू लागले. चालत्या कॅमेऱ्याची चाल रूढ झाली ती अशी एका देखण्या गावामुळे. पुढे आगगाडीच्या इंजिनावर कॅमेरा बांधून डोंगर, बोगदे आणि किनारे टिपण्याची टूम निघाली आणि ती खूप चालली. मुंबईकरांचा फ्रान्सच्या या दक्षिण किनाऱ्याशी पडद्यावरचा परिचयही तितकाच जुना आहे. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांचा खेळ झाला, तेव्हा दाखवलेल्या तुकड्यांत गाडी स्टेशनात शिरते ते दृश्य होतं आणि समुद्रस्नानाचंही होतं. ही दोन्ही दृश्यं भूमध्य सागराच्या काठावरच्या ला सिओता या गावाशी जोडली जातात, आणि नीस त्याच किनाऱ्यावर आणखी पूर्वेला आहे. तो खेळ पाहून कॅमेरा मागवणाऱ्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी, १८९९ मध्ये हँगिंग गार्डनसारख्या रम्य जागी तो लावला खरा, पण टिपली ती कुस्ती! बागेपेक्षा घाम गाळणारी माणसं त्यांना अधिक पाहण्यासारखी वाटली, याचं मला कौतुक वाटतं.

पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत या पन्नास सेकंदांच्या तुकड्यांचे प्रवासपट झाले. पाते, गोमाँ यांसारख्या कंपन्या असे पट नियमित काढू लागल्या. मुख्य खेळाच्या आधी ताटात चटणी-कोशिंबीर वाढावी तसे ते दाखवले जात. हे पट मूक होते म्हणजे सभागृहात शांतता असे, असा समज करून घेऊ नये. अनेकदा पडद्याशेजारी एक वक्ता उभा असे. अमेरिकेत बर्टन होम्स याच व्यवसायावर नावारूपाला आला. डावीकडे काय दिसतंय, हा राजवाडा कुणाचा, इथली माणसं किती आनंदी, हे वक्ता सांगे आणि प्रेक्षक मान डोलवत. पडद्यावर बोजा वाहणारा हमाल आला तरी तो ‘स्थानिक रंग’ म्हणून निघून जाई. चित्राला स्वतः काही म्हणायची सोयच नव्हती, कारण त्याच्या वतीनं बोलणारा आधीच नेमलेला होता. साचा घट्ट झाला तो इथे. त्याचा दोष कॅमेऱ्याकडे नाही, या व्यवस्थेकडे जातो. पाहणारा आणि दाखवणारा दोघंही प्रवासीच, आणि गाव हे दोघांच्या सोयीसाठी मांडलेलं.

नीस तर अशा मांडणीचा नमुनाच. आज आपण जिला निसर्गरम्य म्हणतो त्या प्रसिद्ध किनारी सडकेचं नावच आहे ‘प्रोमनाद देझ आंग्ले’, म्हणजे इंग्रजांचा फेरफटका. थंडी टाळायला येणाऱ्या इंग्रज पाहुण्यांना पायी फिरायला वाट हवी होती. १८२० च्या दशकात लुईस वे या इंग्रज पाद्र्याच्या पुढाकारानं पैसे गोळा झाले आणि कडक हिवाळ्यानं बेकार झालेल्या गोरगरिबांना कामाला लावून ती वाट बांधण्यात आली. म्हणजे जगातल्या सर्वांत रुबाबदार सडकांपैकी एक सुरू झाली ती आपल्याकडच्या भाषेत दुष्काळी कामावर. १८६० मध्ये नीस फ्रान्सला जोडलं गेलं, १८६४ मध्ये रेल्वे आली आणि मग हिवाळी पाहुण्यांची रीघ लागली. राणी व्हिक्टोरियाही १८९० च्या दशकात सिमिएच्या टेकडीवर मुक्कामाला येऊ लागली. कार्निव्हल हा लोकांचा जुना धुडगूस होता. १८७३ पासून त्याला समितीची शिस्त लागली, मिरवणुका ठरल्या, रथ ठरले आणि १८७६ पासून ‘फुलांची लढाई’ सुरू झाली. नेग्रेस्को हे गुलाबी घुमटाचं हॉटेल १९१३ मध्ये उघडलं, तर ‘पॅले द ला मेदितेराने’ हा पांढऱ्या दर्शनी भागाचा भव्य कसिनो व्हिगोनं कॅमेरा उचलला त्याच वर्षी, १९२९ च्या जानेवारीत. यातली प्रत्येक गोष्ट कुणीतरी ठरवून, पैसा घालून, माणसं लावून उभी केलेली आहे. समुद्र तेवढा आपोआप होता.

व्हिगो नीसला पर्यटक म्हणून आला नव्हता. त्याला क्षय होता, आणि त्याची पत्नी लिदूलाही. दोघांची भेट डोंगरातल्या एका आरोग्यधामात झालेली. उन्हासाठी ती दोघं नीसला राहायला आली. तिथल्या स्टुडिओत त्यानं साहाय्यकाची कामं केली. त्याचे वडील मिगेल आल्मेरेदा हे अराजकवादी पत्रकार. १९१७ मध्ये ते तुरुंगात संशयास्पद रीतीनं मरण पावले, तेव्हा मुलगा बारा वर्षांचा होता. सत्तेबद्दल आणि पैशाबद्दल त्याच्या मनात जी अढी होती ती पुस्तकातून आलेली नव्हती. गंमत अशी की चित्रपटासाठीचा पैसा मात्र पैशातूनच आला : लिदूचे वडील पोलंडमधले कारखानदार, त्यांनी एक लाख फ्रँक दिले, आणि त्यातून एक वापरलेला देब्री कॅमेरा घेतला गेला. जोडीला आला बोरिस कॉफमन. त्याचे दोन थोरले भाऊ सोव्हिएत रशियात होते : एक झिगा व्हेर्तोव, ‘मूव्ही कॅमेरा घेतलेला माणूस’ या १९२९ च्या चित्रपटाचा कर्ता, आणि दुसरा मिखाईल, त्याच चित्रपटाचा छायालेखक. कॉफमननं पुढे अमेरिकेत जाऊन ‘ऑन द वॉटरफ्रंट’च्या छायालेखनासाठी ऑस्कर मिळवलं. पण १९२९-३० च्या त्या हिवाळ्यात तो नीसच्या सडकेवर चाकाच्या खुर्चीत बसून हिंडत होता, मांडीवर झाकलेला कॅमेरा, आणि मागून खुर्ची ढकलत होता व्हिगो. ही हकीकत कॉफमननंच नंतर सांगितली आहे. हवापालटाला आलेल्या आजाऱ्यांच्या त्या गावात चाकाच्या खुर्चीकडे कोण वळून पाहणार? समोरच्या माणसाला आपण टिपले जातोय हे कळता कामा नये, कळलं की त्या दृश्याची कागदपत्र म्हणून असलेली किंमत संपली, असा व्हिगोचा दंडक होता.

आता प्रत्यक्ष चित्रपट. आतषबाजी, मग आकाशातून दिसणारं शहर, इथवर पोस्टकार्डच. एवढ्यात खेळण्यातली आगगाडी येते, तिच्यातून बाहुल्या उतरतात, आणि जुगाराच्या टेबलावर सोंगट्या ओढायचं लांब दांड्याचं फावडं येऊन त्या सगळ्या बाहुल्यांना झाडून नेतं. प्रवासी आला आणि लुटला गेला, एवढं सांगायला अर्धं मिनिटही लागत नाही. त्यानंतर खरं शहर उघडतं ते सकाळी : लाटा, पाम आणि रस्ता झाडणारी माणसं. लांब दांड्याचा झाडू हळूहळू कचरा पुढे रेटत जातो. मघाचं फावडं आणि आताचा झाडू यांची हालचाल एकाच जातीची आहे हे डोळ्याला आपसूक कळतं. कुणी सांगावं लागत नाही. पाठोपाठ वेटर टेबलं मांडतात, छत्र्या उघडतात, आणि कुठल्याशा कारखान्यात कार्निव्हलसाठी कागदाच्या लगद्याचे राक्षसी मुखवटे रंगवले जात असतात. चित्रपटाचा सगळा युक्तिवाद या पहिल्या काही मिनिटांत आलेला आहे. शहर हा रंगमंच आहे, तो रोज उभा करावा लागतो, आणि उभा करणारे पडदा उघडायच्या आत निघून जातात. व्हिगो पडदा थोडा लवकर उघडतो, एवढंच.

मग येतात प्रेक्षकांच्या ओळखीचे लोक. सडकेवर फिरणारे, खुर्च्यांत ओळीनं बसलेले, वर्तमानपत्र तोंडावर ओढून झोपलेले, तोंड उघडं टाकून झोपलेले. फर आणि पिसं मिरवणाऱ्या बाईच्या मागोमाग शहामृगाची मान येते. एक जण बूट पॉलिश करून घेतोय. चित्र किंचित उडतं आणि पॉलिशवाला आता उघड्या पावलालाच ब्रश मारत असतो. एक तरुणी खुर्चीत पायावर पाय टाकून बसली आहे. बसण्याची ढब तीच, आणि अंगावरचा पोशाख मात्र एकामागून एक बदलत जातो. शेवटी पोशाखच उरत नाही. तिथून कॅमेरा जुन्या नीसच्या गल्ल्यांत शिरतो. घरं इतकी जवळ की आकाशाची एक फीत तेवढी दिसते, तीही वाळत घातलेल्या कपड्यांनी भरलेली. बोटांचा खेळ खेळणारी पोरं, ओरखडलेल्या भिंती, घाण पाणी, व्यंग असलेला एका मुलाचा हात. पुन्हा कार्निव्हल, पुन्हा फुलं. उंच व्यासपीठावर काही बाया नाचत असतात आणि कॅमेरा खाली बसून त्यांच्याकडे वर पाहतो. हे दृश्य तो परत परत आणतो, हळूहळू त्याची गती मंदावते, आणि त्यांच्यामध्ये कबरस्तानातले संगमरवरी देवदूत येतात, प्रेतयात्रा येते, तीही भरधाव. नाचातला आनंद आधी दमलेला वाटू लागतो, मग केविलवाणा. शेवटी कारखान्याची धुराडी आणि हसणारे कामगार.

या सगळ्यात एकही पाटी नाही. मूकपटात संवाद आणि खुलासे लिहिलेल्या पाट्या येत. व्हिगोनं त्याही वगळल्या. पडद्याशेजारचा वक्ता गेला, पाट्या गेल्या. अर्थ सांगायला उरला फक्त दोन दृश्यांमधला सांधा. मूक असणं ही उणीव इथे ताकद झाली ती अशी. या रीतीचे पूर्वज होतेच. वॉल्टर रुटमाननं १९२७ मध्ये बर्लिनचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा दिवस तालावर बांधला, कव्हालकांतीनं त्याच्या आदल्या वर्षी पॅरिसचा. पण रुटमानच्या बर्लिनमध्ये श्रीमंत आणि भिकारी शेजारी आले तरी ते यंत्राच्या दोन दट्ट्यांसारखे वरखाली होतात. ताल सुंदर, आणि जबाबदारी कुणाचीच नाही. व्हिगोचा ताल विस्कळीत आहे, तो अडखळतो, पुन्हा मागे जातो. तरी त्याच्या शहामृगाला मत आहे. ‘डॉक्युमेंटरी’ हा शब्द चित्रपटाच्या चर्चेत जॉन ग्रिअर्सननं १९२६ मध्ये वापरला. तो रुळू लागला असतानाच व्हिगोनं त्याला जोड दिली : आपला चित्रपट म्हणजे कागदपत्रांनिशी मांडलेला दृष्टिकोन आहे. २८ मे १९३० ला पॅरिसच्या व्हिय-कोलोंबिए नाट्यगृहात चित्रपट पहिल्यांदा दाखवला गेला आणि १४ जूनच्या दुसऱ्या खेळाआधी त्यानं सामाजिक सिनेमावर भाषण केलं. या चित्रपटात एका शहराच्या निमित्तानं एका जीवनपद्धतीवर खटला भरला आहे, असा त्याच्या बोलण्याचा रोख होता. ज्याचा चित्रपट शब्दांविना बोलतो त्याला भाषण का द्यावं लागलं, अशी शंका काढता येईल. पण भाषण नसतानाही शहामृगाला लोक हसले असते, आणि का हसलो हे त्यांना समजलं असतं.

आक्षेप घेणारे तेव्हाही होते, आजही असतील. पहिला आक्षेप साधा आहे : बूट अदृश्य करणं, बाईचे कपडे कॅमेऱ्यातल्या युक्तीनं उतरवणं याला अनुबोधपट कसं म्हणायचं? एकीकडे समोरच्याला कळू न देता टिपायचं असा कडक सोवळेपणा, आणि दुसरीकडे ही उघड हातचलाखी. आक्षेपात तथ्य आहे, पण तो सगळ्यांनाच लावावा लागेल. योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन यांचा ‘पाऊस’ हा १९२९ चा चित्रपट अॅमस्टरडॅमवर आलेली एक सर दाखवतो : आधी वारा, मग थेंब, छत्र्या, कालव्यातली वर्तुळं, मग उघडीप. ती एक सर प्रत्यक्षात अनेक महिन्यांच्या पावसांतून वेचून जुळवलेली आहे. प्रेक्षकाला हे कळत नाही आणि कळू नये अशीच योजना आहे. त्या चित्रपटाला कुणी खोटा म्हणत नाही, आणि म्हणूही नये. पोस्टकार्डाची लबाडी तर याहून मोठी : ते काही जोडत नाही, फक्त वगळतं. झाडूवाला चौकटीत येण्याआधी फोटो उरकला की झालं. व्हिगोची युक्ती मात्र युक्ती म्हणूनच समोर येते. खुर्चीतल्या बाईचे कपडे खरोखरच हवेत विरले असं कुणालाही वाटत नाही. तिथे दिग्दर्शक आपलं मत मांडतो आहे हे लहान मूलसुद्धा ओळखेल. जुळवाजुळव लपवणाऱ्या प्रामाणिक चित्रापेक्षा ती उघड करणारं पक्षपाती चित्र मला अधिक विश्वासाचं वाटतं.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे, आणि त्याला पुरतं उत्तर माझ्यापाशी नाही. उन्हात पेंगणाऱ्या म्हाताऱ्यांना न विचारता टिपायचं आणि मग त्यांच्या सुरकुत्यांवर प्रेक्षकांना हसवायचं, हा कुठला न्याय? त्यांतल्या कित्येकांना फुप्फुसाचा आजार असेल, कित्येक जण एकटे असतील. आणि हे करणारा स्वतः क्षयी, सासऱ्याच्या पैशावर त्याच उन्हात राहणारा. यावर असं म्हणता येईल की व्हिगोचा रोख माणसांपेक्षा त्यांच्या रिकामपणावर आहे, आणि उघड्या पडद्यावर मिरवायला आलेल्यांनी कुणी पाहिल्याची तक्रार करू नये. सडकेवर फिरणं हे तिथे पाहण्या-दाखवण्याचंच काम होतं, हे खरं. पण काही दृश्यांत हा बचाव टिकत नाही. झोपलेला माणूस मिरवत नसतो. तिथे तरुण दिग्दर्शकाचा राग म्हातारपणावरच निघालाय असं वाटतं, आणि अन्याय तो अन्यायच. मात्र बाजू घेणाऱ्या चित्रपटाचा एक फायदा असा की त्याचा अन्याय बोट ठेवून दाखवता येतो. वक्त्याच्या गोड आवाजात ‘स्थानिक रंग’ होऊन गेलेल्या हमालावर झालेला अन्याय कुणाच्या लक्षातही आला नाही.

तिसरी तक्रार जुन्या नीसबद्दल. वर श्रीमंत म्हणजे मेलेले, खाली गरीब म्हणजे जिवंत, ही वाटणी फार सोयीची आहे. गल्लीतली घाण दाखवून व्हिगो लगेच तिथल्या पोरांच्या हसण्यावर जातो, आणि वाळत घातलेले कपडे पताकांसारखे फडफडू लागतात. गरिबीलाही शोभा येते! आज पर्यटक आधी जातात ते त्याच गल्ल्यांत. वाळत घातलेले कपडेसुद्धा फोटोचा विषय झाले आहेत. म्हणजे व्हिगोनं एक पोस्टकार्ड फाडता फाडता दुसऱ्याचा कच्चा मसुदा करून ठेवला. शेवटची धुराडी आणि हसणारे कामगार तर मला उसने वाटतात, कॉफमनच्या भावांकडून आलेले. नीस हे कारखान्यांचं शहर नव्हतं. त्याचे खरे कामगार चित्रपटाच्या सुरुवातीलाच येऊन गेले होते : झाडूवाले, वेटर, मुखवटे रंगवणारे, फुलं तोडणारे, पॉलिशवाले. त्यांच्याकडेच परत जायचं सोडून दिग्दर्शक क्रांतीचं तयार चिन्ह शोधायला गेला. वय पाहता हे समजण्यासारखं आहे. पण यामुळे मूळ मुद्दा कमजोर होत नाही, उलट स्पष्ट होतो. चित्रपट जिथे आपल्या बाजूला ठोस पुरावा देतो तिथे तो बिनतोड आहे, जिथे नुसती घोषणा देतो तिथे ढिला पडतो. दृष्टिकोन हवा, पण व्हिगोच्याच शब्दातली कागदपत्रंही हवीत.

हीच गोष्ट दुसऱ्या एका देखण्या गावात लगेच पडताळून पाहता येते. पोर्तुगालचं पोर्तो, दोऱ्हो नदीच्या मुखावरचं, पुलांचं आणि उतरत्या घरांचं शहर. १९३१ मध्ये तिथल्याच मानुएल द ओलिव्हेरा या तरुणानं ‘दोऱ्हो, नदीवरचं काम’ हा छोटा मूकपट केला. त्यात पूल आहे, पाण्यावरचं ऊन आहे, पण चित्रपट भरलाय तो कोळसा उतरवणाऱ्या, माशांच्या टोपल्या डोक्यावर घेतलेल्या आणि नावा ओढणाऱ्या माणसांनी. व्हिगोची चेष्टा त्यात नाही, खटलाही नाही. नदीकाठ सुंदर दिसतो तो तिथे काम चालू असल्यामुळे, एवढंच तो सांगतो आणि भरपूर पुरावे देतो. मायदेशातल्या काहींना हे रुचलं नाही : शहराची ही अनवाणी बाजू परदेशी पाहुण्यांना कशाला दाखवायची, असा त्यांचा सूर होता. अर्ध्या शतकाहून अधिक काळानंतर, १९८३ मध्ये, याच ओलिव्हेरानं फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी नीसवर चित्रपट केला आणि त्याच्या नावातच जाँ व्हिगोला घेतलं. स्वतः व्हिगो १९३४ मध्ये, एकोणतिसाव्या वर्षी वारला.

नीसचं पुढे काय झालं हेही या चित्रपटाच्या बाजूनंच साक्ष देतं. १९३६ मध्ये फ्रान्समध्ये कामगारांना दोन आठवड्यांची पगारी सुट्टी मिळाली, आणि ज्यांच्यासाठी किनारा झाडला जात नव्हता अशी माणसंही तिथे येऊ लागली. समुद्रात खांबांवर उभा असलेला जुना कसिनो दुसऱ्या महायुद्धात धातूसाठी मोडला गेला. १९२९ चा तो पांढरा कसिनो १९७८ मध्ये बंद पडला, १९९० मध्ये आतून पाडला गेला, आणि दर्शनी भाग तेवढा वारसा म्हणून राखून त्यामागे नवं हॉटेल बांधण्यात आलं. शहराची दर्शनी बाजू कायद्यानं जपावी आणि मागचं सगळं बदलून टाकावं, ही कल्पना व्हिगोनं पडद्यावर आणली असती तर अतिशयोक्ती म्हणून टीका झाली असती. २०२१ मध्ये युनेस्कोनं नीसला जागतिक वारशाच्या यादीत घेतलं ते ‘रिव्हिएराचं हिवाळी विश्रामनगर’ म्हणूनच. म्हणजे हे सौंदर्य पाहुण्यांसाठी घडवलेलं आहे, हे आता अधिकृत झालं.

चित्रपटाच्या बाजारात मात्र ही बाजू हरली. १९३० हे साल बोलपटाच्या विजयाचं. ज्या वर्षी व्हिगोनं वक्त्याला पडद्याशेजारून हुसकावलं, त्याच वर्षी अमेरिकेत जेम्स फिट्झपॅट्रिकची ‘ट्रॅव्हलटॉक्स’ ही मालिका एमजीएमच्या छत्राखाली सुरू झाली आणि दोन दशकांहून अधिक काळ चालली. वक्ता परत आला, आणि आता त्याला प्रत्येक गावी जायचीही गरज नव्हती, आवाज फितीवरच छापलेला होता. गावं बदलत, रंगीत फिल्म आल्यावर आकाश अधिक निळं होत गेलं, आणि पट संपता संपता तो आवाज मावळत्या सूर्याच्या साक्षीनं त्या गावाचा जड अंतःकरणानं निरोप घेई. दुसऱ्या दिवशी पहाटे तिथला रस्ता कोण झाडणार होतं, हे सांगण्याचं त्याला कारण नव्हतं.